इतिहास सोडू नका, वाट पाहणं सोडा

प्रश्न : नमस्कार सर. मी अहिल्यानगर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या कॉलेजात इतिहास शिकवते. वय ३६. सेट (प्राध्यापकपदाची पात्रता परीक्षा) झाले, पीएचडीही झाली. विषय पेशवेकालीन गावगाडा. साधनं सगळी छापील, कारण मोडी मला अजून अडखळतच वाचता येते. नऊ वर्षं सीएचबीवर (तासिका तत्त्वावर) आहे. तासाला ९०० रुपये, आठवड्याला जास्तीत जास्त ९ तास, आणि मानधन तीन-चार महिन्यांनी एकदम जमा होतं. दरवर्षी जूनमध्ये नव्याने मुलाखत, नवी ऑर्डर. नॅकच्या (कॉलेजच्या मूल्यांकनाच्या) फाइली, प्रवेशाची कामं, परीक्षेची ड्यूटी यात मात्र मी कायम असते.

वर्गात पटावर सत्तर, समोर आठ-दहा. त्यांचाही प्रश्न एकच, ‘मॅडम, हे एमपीएससीला येतं का?’ मध्यंतरी बखर (गोष्टीच्या रूपात लिहिलेला जुना इतिहास) आणि अस्सल कागद (त्या काळातली मूळ कागदपत्रं) यांतला फरक सांगत होते, तर एका पालकांचा फोन आला, ‘आमच्या पोरांच्या डोक्यात काय भरवता?’ तेव्हापासून बोलताना जीभ अडखळते. आता जागा भरणार असं ऐकते, आणि कुणी कुणी सुचवतं की ‘वरचं’, म्हणजे पैशांचं, बघावं लागेल. मिस्टर म्हणतात, गरज पडली तर एक एकर काढू. मला झोप येत नाही. हे सगळं सोडून द्यावं का?

उत्तर :

मॅडम,

आधी पैशांचं बोलू. आपल्या क्षेत्रात पैशांचा विषय काढायला माणसं संकोचतात आणि त्या संकोचाचा फायदा भलतेच लोक उठवतात. आज रात्री मिस्टरांना सोबत घेऊन बसा आणि हे कागदावर मांडा. ९ तास गुणिले ९०० म्हणजे आठवड्याला ८,१००. अध्यापनाचे आठवडे वर्षाला ३० धरा. एकही तास बुडाला नाही तरी वर्षाचे होतात २,४३,०००. बारा महिन्यांत वाटले तर महिना २०,२५०. कायम सहायक प्राध्यापकाचा नुसता मूळ पगार ५७,७०० पासून सुरू होतो आणि त्याने आठवड्याला १६ तास शिकवावं अशी अपेक्षा असते. तुम्ही त्याच्या निम्म्याहून जास्त शिकवता, वर नॅकच्या फाइली. विद्यापीठ अनुदान आयोगाने (यूजीसी) २०१९ मध्ये अतिथी अध्यापकांसाठी तासाला १,५०० आणि महिन्याला कमाल ५०,००० असा दर ठरवून दिला होता. तुमच्या हातात काय पडतं ते तुम्हीच लिहिलंय. तुमची योग्यता कमी म्हणून हे झालेलं नाही. जागा रिकाम्या ठेवून तुमच्यासारख्यांवर कॉलेजं चालवायची, हे धोरणच होऊन बसलं आहे. हे एकदा नीट ध्यानात आलं की झोप थोडी तरी परत येईल.

आता ‘वरचं’ बघण्याविषयी. देऊ नका. एक रुपयाही देऊ नका. तो गुन्हा आहेच. पण व्यवहार म्हणून पाहिलं तरी त्याची पावती मिळत नाही. उद्या बिंदुनामावलीत (जागांच्या आरक्षणाच्या क्रमात) घोळ निघाला, वर्कलोड (शिकवायचे तास) कमी भरला किंवा विद्यापीठाने मान्यता नाकारली, तर ते पैसे कुणाकडे मागणार? कुठल्या कोर्टात सांगणार? एकर गेला तो गेलाच. आणि समजा जागा मिळालीच, तर पुढची पंचवीस वर्षं ज्यांना पैसे दिले त्यांच्यापुढे मान वर करून बोलता येणार नाही. तुम्ही ज्या गावगाड्यावर पीएचडी केलीत, त्यात जमीन हातची जाण्याची किती प्रकरणं वाचली असतील! मिस्टरांचं मन मोठं आहे, त्यांना तसं सांगा. आणि जमिनीचा विषय तिथेच संपवा.

सोडायचं का, या प्रश्नाचं माझं उत्तर असं. इतिहास सोडू नका. कायम होण्याची वाट पाहत बसणं मात्र सोडा. तुमच्या पत्रात या दोन गोष्टी एकच झाल्या आहेत, म्हणून सगळंच संपल्यासारखं वाटतंय.

जागा निघणं वित्त विभागाच्या परवानगीवर, वर्कलोडवर आणि संस्थेच्या मनावर अवलंबून. त्यातलं काहीही तुमच्या हातात नाही. जून २०२४ पासून संलग्न कॉलेजांत नवीन शैक्षणिक धोरण आलं. मेजर-मायनरच्या (मुख्य आणि दुय्यम विषयांच्या) निवडीत इतिहासाचे तास टिकवणं अनेक ठिकाणी अवघड झालं आहे. तेव्हा स्वतःला आणखी दोन शैक्षणिक वर्षांची मुदत द्या. जाहिरात आली तर अर्ज करा, मुलाखतीला जा, मान ताठ ठेवून या. दोन वर्षांत काही झालं नाही, तर पोटापाण्याची मुख्य सोय दुसरीकडे लावा आणि कॉलेज हे जोडकाम समजा किंवा तेही थांबवा. ही तारीख आजच लिहून ठेवा. तारीख नसली की माणूस ‘यंदा होईल’ म्हणत पन्नाशीला पोचतो. असे बरेच सहकारी मी जवळून पाहिले आहेत, हुशार, मेहनती आणि मनाने पार मोडलेले.

दरम्यान एक फाइल स्वतःसाठी करा. नऊ वर्षांच्या सगळ्या ऑर्डरी, विद्यापीठाच्या मान्यतेची पत्रं, अनुभव प्रमाणपत्रं, मानधन जमा झाल्याच्या पासबुकातल्या नोंदी, आणि शक्य असेल तर तासांच्या नोंदवहीच्या प्रती. मान्यतेचं पत्र नसलेल्या वर्षाचा अनुभव ऐनवेळी धरत नाहीत. कॉलेजच्या नॅकसाठी तुम्ही इतक्या फाइली केल्या, ही एक राहून गेली असणार.

आता जो भाग मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो तो.

मराठीत इतिहासाचं मोठं काम केलेली माणसं आठवून पाहा. राजवाड्यांनी वाईला सापडलेल्या कागदांतून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ मध्ये काढला, तेव्हा त्यांच्यामागे कुठलं विद्यापीठ नव्हतं. रियासतकार सरदेसाई बडोद्याच्या नोकरीत होते. सेतुमाधवराव पगडी सरकारी अधिकारी. ही नावं मी एवढ्यासाठीच घेतोय की इतिहासाचा हक्क विभागाच्या हजेरीपटातून मिळत नाही, हे तुम्हाला पटावं. पण राजवाड्यांचं उदाहरण देऊन कुणी तुम्हाला फुकट काम करायला लावत असेल, तर त्याचं ऐकू नका. त्यांनी निवडलेलं दारिद्र्य त्यांचं होतं. ते दुसऱ्यावर लादण्याचा अधिकार कुणालाही नाही.

वर्गाचं म्हणाल, तर आठ-दहा मुलं येतात ती तुमच्यासाठी पुरेशी आहेत. बाकीची साठ कुठे आहेत ते तुम्हाला ठाऊक आहेच. कुणी रांजणगाव एमआयडीसीत शिफ्टला, कुणी दूध घालायला, कुणी पुण्यात अभ्यासिकेत. त्यांच्यावर रागावून उपयोग नाही आणि स्वतःवर तर मुळीच रागावू नका.

त्या आठ-दहांसाठी एक तास कसा घ्यावा ते सांगतो. १८७५ चे दख्खनचे दंगे (शेतकऱ्यांचा सावकारांविरुद्धचा उठाव) तुमच्या अभ्यासक्रमात असणार. गाइडमध्ये पाच कारणं, चार परिणाम असतात आणि मुलं ती पाठ करतात. तुम्ही गाइड मिटवा आणि फळ्यावर हिशेब घाला. १८५९ मध्ये मुदतीचा कायदा आला. कर्जरोखा तीनच वर्षं चालणार असं ठरलं. हेतू हा की व्याज साठत जाऊ नये. सावकाराने काय केलं? दर तीन वर्षांनी मुद्दल अधिक व्याज मिळून नवा रोखा लिहून घेतला. आता मुलांना सांगा, समजा कर्ज १०० रुपये, व्याज सालाला शेकडा २४. तीन वर्षांनी नवा रोखा १७२ चा. सहा वर्षांनी सुमारे २९६ चा. नऊ वर्षांनी सुमारे ५०९ चा. रोखा बदलला नसता आणि सरळ व्याज चाललं असतं, तर नऊ वर्षांनी ३१६ झाले असते. हा हिशेब मुलांनी स्वतः करायचा, मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर केला तरी चालेल. ५०९ आकडा आला की वर्ग गप्प होतो. कायदा शेतकऱ्याच्या भल्यासाठी झाला होता, हे त्यानंतर सांगा.

मग पुढे जा. ज्यामुळे इथल्या कापसाला भाव आला होता ते अमेरिकेतलं यादवी युद्ध १८६५ ला संपलं, कापसाचा भाव कोसळला, सावकाराने हात आखडता घेतला. त्याच सुमाराला फेरपाहणीत शेतसारा ५० ते १०० टक्क्यांनी चढला. आणि १२ मे १८७५ ला सुपे गावच्या बाजारात, आजच्या बारामती तालुक्यात, लोक सावकारांच्या घरांवर चालून गेले. त्यांनी मागितल्या त्या वह्या आणि रोखे. ते जाळले. लोण पारनेर, श्रीगोंद्यापर्यंत आलं, म्हणजे तुमच्या मुलांच्या पणजोबांच्या गावांत. मग सरकारने आयोग नेमला. आयोगाने दोष मुख्यतः सावकाराकडे दिला आणि सारावाढीला मूळ कारण मानलं नाही. इथे थांबा आणि मुलांना विचारा, आयोग कुणी नेमला होता? अहवाल कुणापुढे जाणार होता? त्यांना उत्तर तुम्ही देऊ नका. साधनाची चिकित्सा म्हणतात ती हीच, आणि सुप्याच्या गोष्टीतून ती बी.ए.च्या पोराला पंधरा मिनिटांत कळते. १८७९ चा दख्खन शेतकरी कायदा दोन ओळींत सांगितला तरी भागतं.

तास संपताना एक काम द्या. घरात जुनं गहाणखत, खरेदीखत, जुना फेरफार असेल तर त्याचा फोटो काढून आणा. मूळ कागद घराबाहेर काढायचा नाही आणि घरच्यांना विचारल्याशिवाय फोटोही काढायचा नाही; जमिनीचे वाद अजून जिवंत असतात. सगळ्यांकडे मिळणार नाही. पण दोन-तीन मुलं आणतील, त्यातला एखादा मोडीत असेल, आणि तो वाचायला त्यांना तुमच्याकडेच यावं लागेल.

दुसरं काम बहात्तरच्या दुष्काळाचं. १९७३ च्या मे महिन्यात राज्यात दुष्काळी कामांवर जवळजवळ ५० लाख माणसं होती. तुमच्या प्रत्येक विद्यार्थ्याच्या आजीने किंवा आजोबांनी खडी फोडली असेल, नाहीतर बंडिंगवर (बांध घालण्याच्या कामावर) माती वाहिली असेल. पण ‘आजी, दुष्काळ कसा होता?’ असं विचारलं की आजी म्हणते, ‘लई वाईट होता बाबा,’ आणि गोष्ट संपते. प्रश्न बारीक द्या. काम कुठल्या तलावावर होतं? मस्टरवर (हजेरीपटावर) नाव कुणाचं लागायचं? हजेरी किती पडायची, आठवड्याला मिळायची की पंधरवड्याला? सुकडी (कामावर वाटला जाणारा पौष्टिक खाऊ) कुणाला मिळायची? मिलोच्या (परदेशातून आलेल्या ज्वारीच्या) भाकरी कशा लागायच्या? तान्ही पोरं कुठे झोपवायचा? मग आजीचं वय आणि काळ यांचा मेळ बसतो का ते पाहायचं, आणि त्याच गावातल्या दुसऱ्या आजीच्या सांगण्याशी ताडून बघायचं. त्या कामांतला एखादा पाझर तलाव गावात आजही असेल, तिथे जाऊन यायचं. रोजगार हमीचा कायदा १९७७ मध्ये झाला तो याच अनुभवातून, हे मग वेगळं शिकवावं लागत नाही. नवीन धोरणात फील्ड प्रोजेक्टला क्रेडिट आहेत. ते रकाने भरण्यात घालवण्यापेक्षा यावर लावा. कागदोपत्रीही ते नियमात बसतं.

एमपीएससीच्या प्रश्नाला ‘येतं’ असंच उत्तर द्या, आणि ते खरंही आहे. राज्यसेवेची मुख्य परीक्षा २०२५ पासून वर्णनात्मक झाली. चार पर्यायांतून एक खुणावणं संपलं. आता कारणं जुळवून, पुरावा देऊन लिहावं लागतं. सुप्याचा हिशेब ज्या मुलीने स्वतः केला ती दख्खनच्या दंग्यांवर दोन पानं लिहू शकेल. मुलांच्या नोकरीच्या काळजीला कमी लेखू नका. तुम्हालाही तीच काळजी आहे.

त्या पालकांच्या फोनविषयी. तुम्ही घाबरलात यात नवल नाही. सीएचबीवरच्या माणसाच्या पाठीशी कुणी उभं राहील याची खात्री नसते, आणि आजकाल मोबाइलवर काढलेली अर्ध्या मिनिटाची क्लिप गावभर फिरते. तरीही बखरींचा धडा सोडू नका. सुरुवात मात्र जिथे वाद मिटला आहे तिथून करा. शिवरायांच्या जन्मतिथीचं उदाहरण घ्या. बखरींच्या आधाराने बराच काळ शके १५४९, म्हणजे १६२७ हे साल मानलं जाई. पुढे टिळकांनी जेधे शकावली (जेधे घराण्याकडची सालवार नोंदींची वही) १९१६ मध्ये प्रसिद्ध केली. तीत फाल्गुन वद्य तृतीया शके १५५१ अशी नोंद आहे. महाराजांच्याच काळातल्या ‘शिवभारत’ या संस्कृत काव्यातली तिथी तिच्याशी जुळली. कित्येक वर्षं विद्वानांत वाद झाले आणि अखेर राज्य सरकारनेही १९ फेब्रुवारी १६३० ही तारीख स्वीकारली. वर्गातली मुलं दर वर्षी याच दिवशी मिरवणुकीत असतात. ही तारीख त्यांना मिळाली ती कागद पारखून घेणाऱ्या माणसांमुळे. चिकित्सेने महाराजांचं काही कमी झालं नाही, उलट त्यांचा जन्मदिवस नक्की झाला, हे मुलांना यातून आपोआप उमगतं. शिवरायांवरची सभासदाची बखर राजाराम महाराजांच्या काळात जिंजीला लिहिली गेली, चिटणिसांची तिच्यानंतर शंभरहून अधिक वर्षांनी. मग कुणाचं म्हणणं कुठे जास्त धरायचं, हा प्रश्न त्यानंतर विचारला तर कुणाला टोचत नाही.

आणि पुन्हा असा फोन आला तर फोनवर वाद घालू नका. ‘कॉलेजात या, आपण पुस्तक समोर ठेवून बोलू’ एवढंच म्हणा. त्याच दिवशी प्राचार्यांना दोन ओळींचं पत्र देऊन पोच घ्या. कुठल्या अभ्यासक्रमातला कुठला घटक शिकवत होते ते त्यात लिहा. ही पोचही मघाच्या फाइलमध्ये ठेवा.

आता तुमच्या दोन वर्षांत करण्याचं काम. मोडी पक्की करा. गावगाड्यावर पीएचडी झालेल्या बाईंना मोडी अडखळत येते, ही उणीव आहे आणि ती भरून निघण्यासारखी आहे. राज्याचं पुराभिलेख संचालनालय मोडीचे वर्ग घेतं. अक्षरं लवकर येतात. हात (लिहिणाऱ्याचं वळण) ओळखणं, मोडतोड, संक्षेप, तारखांची पद्धत यांना वेळ लागतो. रोज एक कागद लिप्यंतर केला तर वर्षभरात डोळा बसेल. पुण्याच्या पेशवे दफ्तरात कोट्यवधी कागद आहेत आणि ते वाचू शकणारी माणसं फार थोडी. २०२३ मध्ये जुन्या कागदांतल्या कुणबी नोंदी शोधण्यासाठी न्यायमूर्ती शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा जिल्ह्याजिल्ह्यांत मोडी वाचणाऱ्यांची शोधाशोध झाली. जमिनीच्या दाव्यांत वकिलांनाही मोडी वाचक लागतात. पानाला किती घ्यायचे ते आधी ठरवून, लिहून घेऊन काम करा. ओळखीच्या माणसाचंही फुकट करू नका. यातून कायम नोकरीएवढे पैसे मिळतील असं मी म्हणणार नाही, पण तुमच्या २०,२५० च्या शेजारी काहीतरी उभं राहील, आणि तेही तुमच्याच विषयातून. स्पर्धा परीक्षांच्या अकॅडमीत शिकवणं हाही मार्ग आहे. तिथे तासाचा दर घासाघीस करून ठरवता येतो. बी.एड. असेल तर ज्युनिअर कॉलेजकडे पाठ फिरवू नका.

शेवटचं तुमच्या प्रबंधाबद्दल. तो ग्रंथालयात पडून असेल. पैसे घेऊन लेख छापणाऱ्या जर्नलांना आता तरी एक छदाम देऊ नका. यूजीसीने केअर यादीच (मान्य जर्नलांची यादी) २०२५ मध्ये बंद केली. प्रबंधातलं जे प्रकरण तुमच्याच तालुक्यातल्या गावांचं असेल ते वेगळं काढा, विद्यापीठी भाषा उतरवा आणि त्या गावच्या माणसाला वाचता येईल अशा मराठीत पंधरा पानांत पुन्हा लिहा. पुण्याचं भारत इतिहास संशोधक मंडळ, धुळ्याचं राजवाडे मंडळ अशा ठिकाणी लेख पाठवता येतात. त्याआधी एकदा मोडी येणाऱ्या कुणाला तरी सोबत घेऊन पुणे पुराभिलेखागारात जा आणि छापील साधनांत नसलेला, त्याच गावांचा एखादा कागद मिळतो का ते पाहा. मिळाला तर त्याच्या नकलेसह लेख मला पाठवा. मी ओळ न् ओळ वाचून कळवेन.